विंगेतला प्रश्न

श्रीपादरावांना त्या बाईंना एकच प्रश्न विचारायचा होता, आणि तोच तोंडातून निघत नव्हता.

हाला फरहात लेबनॉनच्या दिग्दर्शिका. त्यांनी तीन चित्रपट केले, तिसरा परदेशात गाजला आणि नेमका तेव्हाच त्यांनी सिनेमा सोडून नाटक धरलं. का, ते श्रीपादरावांना कुठंच वाचायला मिळालं नव्हतं. आता हालाबाई श्रीपादरावांच्या सुनेच्या, अमृताच्या विद्यापीठात कार्यशाळेसाठी आल्या होत्या, आणि ती त्यांना या हिंदीभाषक महानगरातल्या मराठी मंडळाच्या तालमीला घेऊन आली होती.

"बाबा, विचारा हं. नाहीतर मी विचारते."

"नको गं. कशाला त्रास त्यांना?"

ते विंगेत आपल्या खुर्चीवर जाऊन बसले. आयुष्य प्रयोगशाळेत गेलेलं; स्टेजवर उभं राहायची छाती कधी झाली नाही, म्हणून मंडळाच्या प्रत्येक नाटकात प्रॉम्प्टिंग त्यांच्याकडे. इथंच वाढलेल्या पोरांना मराठी वाक्यं टिकत नसत. त्यामुळे दरवर्षी त्यांचं काम वाढत होतं.

"काका, थोड़ा ज़ोर से!" नायक झालेला अर्णव स्टेजवरूनच ओरडला.

"अरे, प्रॉम्प्टिंग आहे, आरती नाही!"

हालाबाई हसल्या. स्टेज सोडून त्या विंगेकडेच बघत होत्या. चहाला सुट्टी झाली तशा थेट श्रीपादरावांपुढे येऊन उभ्या राहिल्या. ते धडपडून उठले. इंग्रजीत घोकून ठेवलेलं वाक्य त्यांनी सुरू केलं, "तुमच्या तिसऱ्या चित्रपटानंतर तुम्ही..." आणि पुढचं सगळं पुसलं गेलं.

"काका, लाइन भूल गए?" अर्णव म्हणाला. सगळे हसले. श्रीपादरावांचे कान तापले.

हालाबाई किंचित वाकल्या आणि कुजबुजल्या, "...सिनेमा का सोडलात?"

"हो. तेच."

"सिनेमात नट अडखळला की मी तो तुकडा कापून टाकायचे. आमच्याकडचं यादवी युद्ध संपलं, पण माणसं बोलता बोलता मध्येच थांबायची. बैरुतमध्ये एक नाटक बघायला गेले, तिथं एक नट असाच थांबला. आतून कुणीतरी त्याला पुढचा शब्द दिला. त्यानंतर मला कापणं जमेना."

श्रीपादरावांनी शेजारची खुर्ची पुढे सरकवली. बाई बसल्या.

तालीम पुन्हा सुरू झाली. हालाबाईंना मराठी वाचता येत नव्हतं, तरी त्यांच्यासाठी श्रीपादराव संहितेवर ओळीखाली बोट फिरवत राहिले. अर्णव थांबला. विंगेकडे बघू लागला.

या वेळी श्रीपादरावांनी शब्द जरा मोठ्यानं दिला.