रापणीतला वाटा

त्या साली शेवरेवाडीच्या किनाऱ्यावर रापणीत मासळी यायची बंद झाली आणि जुने दिवस येऊ लागले. वाडीने फारसं मनावर घेतलं नाही. सगळ्यांनी मिळून दोर ओढायचे, जाळं वाळूवर आलं की वाटे घालायचे; मासळी काय नि दिवस काय! कुणाच्या टोपलीत लग्नाची अख्खी दुपार पडे, कुणाच्या नुसताच उकाडा. मिळेल ते त्याच दिवशी संपवायचं, शिळं झालं की वास मारायचं.

उमाकांत खोबरेकर कॅमेरा घेऊन गावी आला तो यासाठीच. समुद्रावर सिनेमे काढून त्याने नाव कमावलं खरं, पण आई गेली तेव्हा हा बाबा कुठल्याशा परक्या किनाऱ्यावर लाटांचे फोटो काढत बसला होता. तिला एकदा, एकदाच बघायचं होतं त्याला. रोज तो रापणीचं शूटिंग करी आणि रोज त्यात निव्वळ ओलं जाळं दिसे.

"काल तुझ्या आवशीची हाक माझ्या वाट्याक इली," आबू तांडेल म्हणाला. रापण त्याची. "जेवूक बोलयत होती तुका, 'ये रे झिला' म्हणान."

"मग मला द्यायची ना, आबूकाका!"

"कशी देतलंय? दोराक हात लावलंस? जो वडता तेकाच वाटो."

"माझे हात मोकळे कुठे असतात?"

"मगे ऱ्हव तसोच."

बोलला खरा, पण म्हाताऱ्याचंही आतडं तुटत होतं. रिवाजापुढे त्याचा तरी काय इलाज!

दुसऱ्या दिवशी उमाकांतने एका हातात कॅमेरा धरला नि दुसरा दोराला लावला. अर्धा हात, अर्धा वाटा. आईची पाठ तेवढी आली. मिठाने पांढरं पडलेलं निळं लुगडं, मानेवर सैल अंबाडा. तो तिच्यामागे वाळूत बसून राहिला, लहान पोरासारखा रडला. ती काही वळली नाही. दिवेलागणीला पाठ विरून गेली.

समुद्र रोज मागे सरकत होता. शेवटच्या रापणीला पाण्याचा नुसता पट्टा उरला. उमाकांतने कॅमेरा वाळूत ठेवला. लाट आली नि घेऊन गेली. त्याने वळूनसुद्धा पाहिलं नाही. दोन्ही हातांनी दोर धरला.

दोर येईना. उलट तोच ओढला जाऊ लागला. टाचा वाळूत रुतल्या, वाळूसकट पुढे सरकल्या.

"सोड रे, उम्या!" आबू ओरडला. "पलीकडसून कोणतरी वडता हा!"

उमाकांतने दोराचा मनगटाला एक वेढा घेतला. पाणी कमरेला लागलं. समोर, पाण्यापलीकडे, बायका एका सुरात दोर ओढत होत्या, आणि त्यांच्यातली एक धापा टाकत म्हणत होती,

"हळू वडा गे बायांनो! माझो झील आसा तेच्यात."