न घेतलेली नोटीस

शरणम्मा संध्याकाळी घरी आली तेव्हा सासू खुशीत होती. दुपारी कोर्टाचा माणूस कागद घेऊन आला होता, आणि अक्कम्मानं त्याला परत धाडलं होतं. हाती घेतला नाही म्हणून तो दारावर चिकटवून गेला, तर तोही तिनं सोलून चुलीत घातला. फायनान्सवाले वसुलीला यायला लागल्यापासून गल्लीतल्या बायांची हीच रीत झाली होती. कागद हाती घेतला की अडकलात, असं एकमेकींना बजावून ठेवलेलं.

शरणम्माच्या चपला पायातच होत्या. तशीच मागं फिरली आणि वकिलाकडं जायला सात रस्त्याची रिक्षा धरली.

नवरा मल्लिनाथ चिंचोळीच्या एमआयडीसीत टॉवेल रंगवायच्या कारखान्यात होता. बॉयलर फुटला, त्यात गेला. कामगार न्यायालयानं भरपाई मंजूर केली, मालकानं ती कोर्टात भरली आणि वर हायकोर्टाच्या कोल्हापूर बेंचपुढं अपील ठोकलं. पैसे सोलापुरात, अपील कोल्हापुरात, आणि जीव मधल्या रस्त्यावर.

वकील यशपालनी मोबाईलवर केस काढली. कागद नाकारला तरी तो मिळाला असंच धरतात, म्हणाले. तारीख परवाची. कुणी उभं राहिलं नाही तर एकट्या मालकाचं ऐकून निकाल होईल, आणि मंजूर झालेलं जाईल. अपिलात सासू-सून दोघींना जाबदार, म्हणजे समोरचा पक्ष, केलं होतं. त्यांनी दोघींची वकीलपत्रं छापून दिली.

घरी येऊन शरणम्मानं आपल्या कागदावर सही केली आणि शाईचं पॅड सासूपुढं सरकवलं. अक्कम्मानं हात पदराआड नेला.

"मी न्हाय लावणार अंगठा."

शरणम्मानं समजावलं, गयावया केली, मग आवाज चढला. तुमच्यामुळंच ही पाळी आली, असंही बोलून गेली. म्हातारी चुलीतली राख उगाच खालीवर करत राहिली.

"दवाखान्यात लावला हुता," ती म्हणाली. "अंगठा उठवला, आन माझ्या मल्लूचं गाठोडं पुढ्यात ठिवलं त्यांनी. पुना न्हाय."

शरणम्मानं पॅड मिटलं.

दुसरा दिवस सरता सरेना. भाकरी थापताना हात मध्येच थांबे, तव्यावरची करपे. उंबऱ्यापाशी जाई, मोरीपाशी येई, पुन्हा उंबऱ्यापाशी. शेवटी वकिलांना फोन लावला. ते म्हणाले, म्हातारी स्वतः कोर्टात उभी राहिली तर तिचं वकीलपत्र नसलं तरी चालतं. आता हे सासूला विचारायचं कसं, या घोरात तिनं फोन ठेवला, तर पाठीमागून आवाज आला.

"गाडी कवा हाय?"

"लई लांब हाय आत्या. तुमचे गुडघे..."

"गुडगं माझं हायत. तुजं न्हायत."

पहाटेची कोल्हापूरची एसटी प्रत्येक थांब्यावर रेंगाळली. कधी पोचणार, असं शरणम्मानं कंडक्टरला इतक्यांदा विचारलं, की तो म्हणाला, ताई, तुम्हीच चालवा. कोर्टाच्या जिन्यावर तिला पळावंसं वाटत होतं, आणि सासू कठड्याला धरून एकेक पायरी चढत होती.

पुकारा झाला. मालकाचे वकील उठले, जाबदारांनी नोटीस नाकारली म्हणाले. यशपाल उठायच्या आत अक्कम्मा उठली.

"कागद मी जाळला," ती म्हणाली. "सुनंचा काय दोस न्हाय. ती घरात नव्हती."

यशपालनी कपाळाला हात लावला. न्यायाधीशांनी म्हातारीकडं क्षणभर पाहिलं. जाबदार हजर आहेत, त्यांचंही ऐकू, असं सांगून त्यांनी पुढच्या महिन्याची तारीख दिली. पैसे तोवर तसेच अडकून.

बाहेर आल्यावरही अक्कम्माची नजर प्रत्येक माणसावरून फिरत होती.

"मालक कंचा त्यातला?"

"मालक येत नसतात आत्या. त्यांच्या वतीनं वकील असतो."

"एकदाबी न्हाय येत?"

"न्हाय."

म्हातारी बाकावर टेकली. गुडघे चोळले, पदर नीट केला.

"मंग मी येत जाईन," ती म्हणाली. "दर तारखेला. कुनीतरी माझ्या मल्लूच्या घरचं यायला पायजे की."