खजुरीखालची वेनुस्ता

रोमच्या टाकसाळीत बुर्रुस घण मारायचा. घाव असा, की शेजारच्या देवळातल्या जुनो देवीच्या हंसिणी दचकून वेळेआधीच अंडी घालीत. खोटं वाटत असेल तर हंसिणींना विचारा.

त्या वर्षी यहुद्यांचा देश जिंकला होता. नव्या नाण्यावर एकीकडे बादशहाचा मुखडा, दुसरीकडे खजुरीखाली रडत बसलेली बाई आणि भोवती दोन शब्द, 'युदाइया काप्ता', म्हणजे तो देश आता आपला. ठसे कोरणारा हर्मेरोस हा ग्रीक, दाढीला तेल लावणारा. समोर रडणारी बाई बसल्याशिवाय त्याचा हात चालेना. नेमकी बुर्रुसची बायको वेनुस्ता नवऱ्याचं जेवण घेऊन आली आणि हर्मेरोसच्या नजरेस पडली.

आठ दिवस ती त्याच्यासमोर बसली. इकडे बुर्रुस रोज रात्री तिला खोदून खोदून विचारी.

"काय म्हणतो तो तुला?"

"म्हणतो, हात गालावर ठेव."

"कुणाचा हात?"

"माझाच रे, मेल्या!"

"आणि एवढं रडू येतं कुठून?"

"पाच वर्षं तुझ्याशी संसार केलाय. डोळे मिटले की येतंच."

पहिलं नाणं पडलं. त्यावरची वेनुस्ता घरी कधी दिसली नव्हती इतकी देखणी! बुर्रुसचं डोकं फिरलं. बादशहाचा ठसा ऐरणीत घट्ट बसवलेला, बाईचा वर. घाव खायचा तो वरच्यानंच. बुर्रुसनं असा घण घातला की ठशाचे दोन तुकडे.

मुकादम जांभई देत म्हणाला, "वरचे ठसे फुटायचेच. हर्मेरोस, दुसरा कोर."

"मग वेनुस्ताबाईंना निरोप धाडा."

पुन्हा आठ दिवस! दुसरा ठसा बुर्रुसनं बाराव्या घावाला फोडला, तिसरा तिसऱ्यालाच. आता वेनुस्ता गुणगुणत घराबाहेर पडे आणि येताना मधात बुडवलेल्या वड्या आणी.

"हर्मेरोसनं बसायला उशी आणलीय," ती म्हणाली. "म्हणतो, तुझा डावा गाल जास्त छान रडतो."

बुर्रुसनं हातातली वडी परत ठेवली. बायकोला त्या दाढीवाल्याकडे धाडत होतं कोण? त्याचाच घण!

चौथ्या ठशावर त्याचा घण फुलासारखा पडू लागला.

"अरे, नाणं पाडतोयस की बाळ थोपटतोयस?" मुकादम ओरडला.

"ठसा टिकायला नको का, मालक?"

ठसा चौदा महिने टिकला. वेनुस्ता घरी बसली. पण रोज हजारो वेनुस्ता बुर्रुसच्या हाताखालून निघायच्या आणि पगाराच्या दिवशी शिपायांच्या कमरेच्या पिशव्यांत जाऊन बसायच्या. रस्त्यात एखादा शिपाई पिशवी कुरवाळताना दिसला, की बुर्रुस त्याच्यामागे पार वेशीपर्यंत जायचा.