नावावरची रेघ

माझ्या बेकरीच्या बाजूच्या भिंतीवर एक नाव आहे आणि त्या नावावरून एक काळी रेघ गेलेली आहे. नगरपालिकेची रंगवाली गाडी अधूनमधून येते. तिच्यातला पोरगा नेहमी नवा असतो आणि माझ्या नावाला बाईमाणसाचं मानाचं 'दोन्या' लावून नेहमी तेच म्हणतो, "दोन्या चेला, फुकट पुसून देतो, तुम्ही फक्त हो म्हणा." मी त्याच्या हातात एक गोड पाव ठेवते आणि त्याला वाटेला लावते. गल्लीत नव्या आलेल्या बायकांना वाटतं, म्हातारी चक्रम आहे. वाटू दे.

नाव आहे 'तेर्कोस'. आमच्या भाषेत तेर्को म्हणजे हट्टी, आणि हे नाव माझ्याच तोंडातून पडलेलं. माझा मुलगा एफ्राईन, त्याचा मित्र विचो आणि आणखी दोन-तीन कार्टी शाळा सुटली की बेकरीच्या मागच्या दारात येऊन बसायची. आदल्या दिवशीचे उरलेले पाव फस्त करायची आणि जाताना माझ्या कचऱ्याच्या पेटीवर, दिव्याच्या खांबावर, शेजारच्या चांभाराच्या शटरवर फवाऱ्याच्या रंगाने काहीबाही खरडून जायची. मी झाडू घेऊन मागे धावायचे. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. "हट्टी मेले! तेर्कोस!" म्हणून मी बोंब मारायचे. थोड्याच दिवसांत आमच्या पाकोइमा वस्तीतल्या अर्ध्या भिंतींवर तेर्कोस लिहिलेलं दिसायला लागलं. शिवी मी दिली आणि त्यांनी तिचं बारसं केलं.

मी रागवायचे ते वरवर. नवरा फळं तोडायला उत्तरेला गेला तो तिकडेच पिकला. मी दिवसभर भट्टीपाशी. पोरगं कुठे आहे हे मला भिंती वाचून तरी कळायचं.

शिवाय त्याला वळण लावायला माझा धाकटा भाऊ होता. फिदेन्सिओ दुकानांच्या पाट्या रंगवायचा. मटणाच्या दुकानावरचं हसरं डुक्कर त्याचं, गॅरेजवरची लाल अक्षरं त्याची, चर्चच्या जत्रेचा फलक त्याचा. रेल्वेच्या रुळांच्या अलीकडे आणि पलीकडे, दोन्हीकडे त्याचाच हात. लहानपणापासून एफ्राईन त्याच्यामागे ब्रशांची पिशवी घेऊन फिरायचा. पुढे तो भिंतींवर लिहायला लागल्यावर मामा त्याला अक्षरं शिकवायला लागला, ते माझंही पाठ झालं होतं. "रेघ ओढताना मनगट विसरायचं. खांद्यातून ओढायची. श्वास धरायचा आणि मध्ये विचार करायचा नाही. विचार केलास की हात हलतो." एफ्राईनचा हात कधी हलला नाही. पंधराव्या वर्षी तो अशी सरळ रेघ मारायचा की फिदेन्सिओ फूटपट्टी लावून बघायचा आणि गप्प बसायचा.

ब्याण्णव साली रुळांपलीकडच्या पोरांनी पुलावरच्या 'तेर्कोस'वर आपलं नाव लिहिलं. त्यांच्या कंपूचं नाव सोंब्रास, म्हणजे सावल्या. आता दुसऱ्याच्या नावावर लिहिणं म्हणजे थोबाडीत मारणंच. पण या रंगवाल्या पोरांचा आपला एक कायदा होता. दोन्ही कंपूंनी पंधरा दिवस भिंती रंगवायच्या, शेवटच्या दिवशी एकाच भिंतीवर शेजारी शेजारी लिहायचं आणि हरेल त्याने नाव सोडायचं. सोडायचं म्हणजे कायमचं. ते पुन्हा लिहायचं नाही, जिथे जिथे लिहिलं असेल तिथे स्वतःच्या हाताने पुसायचं, आणि कोणी विचारलं तुम्ही कोण, तर कोणी नाही असं सांगायचं.

मला हे ऐकून हसू आलं होतं. निदान रंगाने भांडतात, कोणाचं डोकं तर फुटत नाही, असं मी चांभाराच्या बायकोला सांगितल्याचं मला आठवतं.

पंच म्हणून फिदेन्सिओचं नाव सोंब्रांनीच सुचवलं. तो एफ्राईनचा मामा आहे हे त्यांना ठाऊक होतं. पण त्याच फिदेन्सिओने एकदा अख्खी पाटी पदरच्या रंगाने पुन्हा केली होती, का तर एक अक्षर जरा खाली उतरलं होतं म्हणून, हेही ठाऊक होतं. असा माणूस भाच्यासाठी खोटं बोलणार नाही, असं ते म्हणाले. माझ्या भावाची एवढी कीर्ती पसरली आहे म्हणून मला अभिमानच वाटला.

पुराच्या पाण्यासाठी बांधलेला सिमेंटचा मोठा नाला आमच्याकडे बहुतेक कोरडाच असतो. तिथे शनिवारी दुपारी सगळे जमले. मी जत्रेला जावं तशी पावांचं ताट घेऊन गेले. एफ्राईनने लिहिलेलं 'तेर्कोस' तांबडं आणि सायीच्या रंगाचं होतं, प्रत्येक अक्षराला सावली, प्रत्येक कड धारदार. ते पाहून माझे डोळे भरून आले. शेजारी सोंब्रांचं काम वेडंवाकडं होतं, धुरासारखं, वाचतासुद्धा येईना. मी मनात म्हटलं, चला, सुटलो.

फिदेन्सिओ हात मागे बांधून एकदा या नावापुढे, एकदा त्या नावापुढे उभा राहिला. मग म्हणाला, "एफ्राईनची अक्षरं चांगली आहेत. पण ती माझी आहेत. यांची अक्षरं यांची स्वतःची आहेत. सोंब्रास जिंकले."

विचोने हसण्यावारी न्यायचा प्रयत्न केला. "म्हणजे मामा, हरलात तुम्हीच," तो म्हणाला. कोणी हसलं नाही. एफ्राईन मामाकडे बघत राहिला आणि त्याचे कान लाल होत गेले. मग त्याने सोंब्रांच्या मोठ्या पोराशी हात मिळवला, कारण तसा कायदा होता.

पुढचे कितीतरी दिवस तो आपलंच नाव पुसत हिंडला. मला वाटलं, बरं झालं, आता अभ्यास करील. मी किती भोळी. त्या वेळी आमच्या भागात पोराला रस्त्यात कोणीतरी अडवायचंच आणि विचारायचं, "कुठला रे तू?" तेर्कोस म्हटलं की विचारणारे हसायचे, अरे ही रंगवाली पोरं, जाऊ दे. आता एफ्राईन आणि विचो म्हणायला लागले, कुठलेच नाही. ज्याचं कोणी नाही त्याला कोणीही मारतं. विचोचा पुढचा दात गेला. एफ्राईन सुजलेला डोळा घेऊन घरी यायचा आणि मला म्हणायचा, दारावर आपटलो.

मग टोपो दुकानात आला. पार्कवाल्यांची टोळी आमच्याकडे फार जुनी, आणि टोपो तिच्यातला जुना माणूस, नुकताच तुरुंगातून सुटलेला. बोलायला इतका अदबीचा की कोणत्याही आईला जावई करावासा वाटेल. पोरं कोपऱ्यातल्या टेबलाशी बसली होती. माझ्यादेखत तो त्यांना म्हणाला, "नाव नाही म्हणे तुम्हाला? आमच्याकडे आहे. भलं मोठं आहे, सगळे मावाल." मी त्याला चिमटा दाखवून बाहेर काढलं. त्याने टोपी काढून माझा निरोप घेतला. पोरं त्याच्यामागून गेली.

वर्षभरात सगळं बदललं. एफ्राईनने डोकं भादरलं. रंगाचे डबे पलंगाखाली वाळून गेले. पार्कवाल्यांना सुबक अक्षरं नको होती. त्यांना चौकोनी, जाडी, गाडीतून जाताना वाचता येतील अशी हवी होती, आणि ती एकच गोष्ट सांगायची: ही गल्ली आमची. हरलेली पोरं टोळीला मिळाली म्हटल्यावर जिंकलेले घाबरले. सोंब्रांनी आधी काठ्या जमवल्या आणि मग काठ्यांवर भागेना. जिंकले तेही टोळी झाले आणि हरले तेही. आता भिंतीवर कोणाचं नाव खोडलेलं दिसलं की आम्ही पोरांना घरात ओढून घ्यायचो, कारण खोडलेल्या नावामागून खरीखुरी गोळी यायची.

मी एकदा एफ्राईनला धरून हलवलं. काय कमी केलं होतं मी तुला, असं सगळं आया बोलतात ते बोलले. त्याने ऐकून घेतलं. मग लहानपणच्या आवाजात म्हणाला, "आई, तेर्कोस असतं ना, तर मी तिकडे गेलोच नसतो."

त्या संध्याकाळी मी फिदेन्सिओकडे गेले आणि दारातच त्याच्यावर तुटून पडले. "एकदा खोटं बोलला असतास तर काय आभाळ कोसळलं असतं?"

"त्याला कळलं असतं, चेला."

"कळू दे की! कळून जगला असता."

मग कित्येक महिने मी त्याच्याशी बोलले नाही. पाव मात्र पाठवत होते. भाऊ आहे, उपाशी थोडाच ठेवणार.

एका शनिवारी तो आपणहून आला, टोपी हातात. तो एकटाच रुळांपलीकडे गेला होता, सोंब्रांच्या मोठ्या पोराच्या घरी. त्याच्या आईसमोर बसून त्याने 'तेर्कोस' हे नाव परत मागितलं. पोरगा म्हणाला, घेऊन जा, आता त्याला कोण विचारतो. "सुटलंय नाव, चेला," फिदेन्सिओ म्हणाला. "कायद्याने सुटलंय. मला तुझी भिंत दे."

मी दिली. एफ्राईनचं ते बोलणं माझ्या कानात होतं. नाव परत मिळालं तर पोरगं परत मिळेल, एवढा एकच हिशोब माझ्या डोक्यात होता, आणि दुसरा कुठला हिशोब मला करायचाही नव्हता.

रविवारी चर्च सुटल्यावर, भर उन्हात, त्याने शिडी लावली. लोकांना वाटलं, बेकरीची नवी पाटी. त्याने आधी माझ्या मागच्या दारातली कचऱ्याची पेटी पुढे ओढून आणली आणि तिच्याकडे बघून लिहायला लागला. तिच्या भिंतीकडच्या बाजूला एफ्राईनने अगदी पहिल्यांदा लिहिलेलं नाव पुसायचं राहून गेलं होतं. जाडी, तिरकी, पोट सुटलेली अक्षरं, आणि पहिल्या अक्षराला उगीचच लांब शेपटी. मामाने शिकवण्याआधीची अक्षरं. "ही त्याची आहेत," फिदेन्सिओ म्हणाला. "हे मी त्या दिवशी सांगायला हवं होतं."

दुपारी एफ्राईन आणि विचो आले. शेपटी बघून विचो फिस्सकन हसला, तुटका दात दाखवत. कितीतरी दिवसांनी मी त्याला हसताना पाहिलं. एफ्राईनने ओल्या अक्षरावर बोट टेकवलं आणि बोटाला लागलेला रंग बघत राहिला. मग मामाकडे वळला.

"सोडलं त्यांनी?"

"मी स्वतः जाऊन आलो," फिदेन्सिओ म्हणाला.

मी दारात उभी होते. माझ्या पोराचा चेहरा सैल होत चाललेला मला दिसला. अजून थोडा वेळ मिळाला असता तर, असं मी आजही म्हणते.

पलीकडे टोपोची गाडी येऊन थांबली. तो सावकाश उतरला, मला वाकून नमस्कार केला आणि भिंत वाचली. पार्कवाल्यांच्या गल्लीत पार्कवाल्यांखेरीज कोणाचंही नाव नसतं, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. आम्हालाही होतं. पण रंगवाल्या पोरांचा कायदा पाळता पाळता आम्ही दोघं बहीणभाऊ या दुसऱ्या कायद्याला विसरलो होतो. टोपोने फिदेन्सिओच्या हातातल्या ब्रशकडे पाहिलं आणि शांतपणे विचारलं, "हे कोणी लिहिलं?"

फिदेन्सिओने तोंड उघडलं. त्याच्याआधी एफ्राईन बोलला.

"म्हाताऱ्यांची गंमत आहे. मी बघतो."

टोपोने गाडीतून काळ्या फवाऱ्याचा डबा काढला होता. एफ्राईनने तो त्याच्या हातातून घेतला, भिंतीच्या एका टोकाला उभा राहिला, आणि आपल्याच पहिल्या अक्षरांवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत एक रेघ ओढली. डबा परत दिला. विचोला मानेने खूण केली. मी त्याला हाक मारली, दोनदा मारली. तो वळला नाही. मामाकडेही त्याने पाहिलं नाही. टोपोने गाडीचं मागचं दार उघडून धरलं होतं.

त्यानंतरचं सांगण्यासारखं थोडंच आहे. विचो त्याच हिवाळ्यात रुळांपाशी गेला, अठराही पुरे झाले नव्हते त्याला. ज्याने मारलं तो सोंब्रांतला होता, नाल्यात त्या दिवशी माझ्या ताटातला पाव खाल्लेला. विचोचा सूड घ्यायला गेलेला एफ्राईन अजून उत्तरेच्या तुरुंगात आहे. मी महिन्याला एकदा बस पकडून जाते. काचेपलीकडे बसून तो बेकरीची चौकशी करतो, भिंतीची करत नाही. मीही विषय काढत नाही.

पण त्या रविवारी गाडी निघून गेल्यावर फिदेन्सिओ शिडी उचलायला म्हणून भिंतीपाशी गेला आणि तिथेच उभा राहिला. मी म्हटलं, राहू दे आता, आत चल. त्याने मला जवळ बोलावलं. रेघ दोन्ही टोकांना सरळ होती, त्यानेच शिकवलेली. मधोमध, बोटभर जागेत, ती हलली होती.

"विचार केला त्याने," माझा भाऊ म्हणाला, आणि माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडला.

फिदेन्सिओ मागच्या वर्षी वारला. ती जागा आता मला एकटीलाच माहीत आहे. गाडीवाला पुढच्या महिन्यात पुन्हा येईल, त्याच्यासाठी मी पाव बाजूला काढून ठेवीन.