हेझेल ट्रेंटचा उसना आवाज

लंडनमध्ये कुणी काम देईना म्हणून हेझेल ट्रेंट रोमला गेल्या आणि तिथल्या भुताखेतांच्या सिनेमांतून वर्षानुवर्षं मरत राहिल्या. कधी विहिरीत, कधी उकळत्या मेणात, एकदा तर रबरी वटवाघळांच्या हातून. म्हातारपणी त्या दूरदेशीच्या जॉन्सनव्हिल या उपनगरात, मकरंद खरवंडीकरच्या शेजारी येऊन राहिल्या. त्यांचे सिनेमे डीव्हीडीवर आल्यापासून काळ्या टी-शर्टातली तरणी पोरं त्यांच्या दारात सह्या मागू लागली होती.

मकरंदचे वडील भाऊसाहेब खिडकीतून हे बघत आणि नाक मुरडत. पुण्याच्या एका दैनिकात त्यांनी उभा जन्म सिनेपरीक्षणं लिहिली होती. लेकाकडे सहा महिने राहायला यावं आणि शेजारी हे असावं, याला त्यांच्याकडे शब्द नव्हता.

"बाबा, रविवारी हॉलमध्ये तिच्या सिनेमाचं स्क्रीनिंग आहे," मकरंद म्हणाला. "डीव्हीडी मीच लावणारे. तुम्ही क्रिटिक आहात म्हटल्यावर तिने खास बोलावलंय."

"रिटायर झाल्यापासून मी वाईट सिनेमे बघायचे सोडलेत, हे नाही सांगितलंस?"

"जरा गोड बोला हं. हीप्स लोक येणारेत, ढिगाने."

"गोड बोलायला तू आहेस की."

रविवारी दुपारी हॉलच्या दारातच हेझेलबाईंनी भाऊसाहेबांना गाठलं. त्या सिनेमांत जो तो आपापल्या भाषेत बोलायचा, त्यांनी सांगितलं, आणि नंतर स्टुडिओत दुसरीच माणसं आवाज भरायची. त्यांचा स्वतःचा आवाज एकाही सिनेमात नव्हता.

"म्हणजे प्लेबॅक," भाऊसाहेब म्हणाले. "आमच्याकडे गाण्यापुरता असतो."

"त्या परक्या आवाजाने माझं वाटोळं केलं. लंडनला परतले तर सगळे मला बाहुली म्हणाले. आज शेवटच्या प्रसंगाला तुमचा मुलगा आवाज बंद करणार आणि माझे संवाद मी माइकवर म्हणणार. मग तुम्ही मला खरं सांगा. मी नटी होते की नव्हते? हे लोक काय, कशालाही टाळ्या वाजवतात."

सिनेमा भिकार होता. कथेला शेंडाबुडखा नव्हता आणि वटवाघळांच्या दोऱ्या दिसत होत्या. मात्र हेझेलबाईंनी केलेली सरदाराची विधवा बंद दाराला कान लावून मेलेल्या नवऱ्याशी बोलू लागली आणि भाऊसाहेब कुरकुरायचे थांबले. तो उसना आवाज दमलेला होता, किंचित चिडलेला होता, संसार केलेल्या बाईचा होता.

मग शेवटच्या प्रसंगाला मकरंदने आवाज बंद केला. हेझेलबाई माइकशी उभ्या राहिल्या. शब्द पडद्यावरच्या ओठांशी तंतोतंत जुळले. बाकी काहीच जुळलं नाही. 'मला सोडून जाऊ नकोस' हे त्यांनी जॉन्सनव्हिलची लोकल गाडी उशिरा सुटेल अशा सुरात सांगितलं. काळे टी-शर्ट उभे राहून टाळ्या पिटू लागले. "स्वीट ॲज," कुणीतरी मागून खूश होऊन ओरडलं.

हेझेलबाई टाळ्यांकडे न बघता थेट भाऊसाहेबांकडे आल्या. त्यांच्यामागून मकरंद डोळ्यांनी विनवत होता.

संपादकाने परीक्षणाच्या कितीही ओळी छाटल्या तरी पार्श्वगायिकेचं नाव भाऊसाहेबांनी कधी कापू दिलं नव्हतं. त्यावरून त्यांची कचेरीत भांडणं होत.

"तिचं नाव काय?" त्यांनी विचारलं.

"कुणाचं?"

"तुमचा आवाज झाली तिचं."

हेझेलबाई आठवू लागल्या. "माहीत नाही. आमची कधी गाठच पडली नाही."

"इतक्या वर्षांत विचारलंही नाहीत."

त्यांनी वळून पडद्याकडे बघितलं. "म्हणजे नटी ती होती."

"हो," भाऊसाहेब म्हणाले.

गाडीत बसल्यावर मकरंद बोलला. "बाबा, एवढंच सांगितलं होतं. गोड बोला."

"बोललो असतो की," भाऊसाहेब पट्टा लावत म्हणाले. "पण त्या आवाजाचं नाव कळायला हवं होतं."