पिळात गेलेलं उत्तर

दोर वळायला दोघं लागतात, आणि दोघांत एक तरी गाणारं लागतं. इथे थोरली नि धाकटी, दोघी सख्ख्या बहिणी, दोघीही गाणाऱ्या. म्हणून त्यांच्या हातचा दोर गिऱ्हाईक डोळे मिटून घेई.

कारखाना म्हणजे पत्र्याची लांबच लांब शेड, शंभर पावलांची. एका टोकाला चाक, चाकावर धाकटी. थोरलीच्या कमरेला वाखाचा भारा. वाखाचं टोक चाकाच्या आकड्याला अडकवायचं आणि बोटांतून तंतू सोडत सोडत मागे मागे चालत जायचं. तीस वर्षं थोरली अशी उलट्या पावलांनी चालली होती. मागचं काही दिसायचं नाही. समोर धाकटीचा चेहरा तेवढा, लहान लहान होत जाणारा.

चाकाचा वेग गाण्यावर ठरे. धाकटी विचारायची,

लांब लांब गं दोराला, पीळ घालिते चाकाशी
सांग माझ्या गं बहिणी, दोर बांधशी कोणाशी?

विचारताना चाक जोरात फिरायचं. थोरलीच्या उत्तराला हळू, कारण उत्तर जुळवायला उसंत लागते. सवाल आईच्या आईपासून एकच चालत आलेला. उत्तर मात्र दर दोराला नवं, आणि एकदा दिलेलं पुन्हा द्यायचं नाही. ते पिळात गेलं, दोराबरोबर विकलं गेलं. कधी थोरली दोर नावेला बांधी, कधी पळून जाणाऱ्या ढगाला, एकदा तर मुकादमाच्या मिशीला. त्या दिवशी धाकटी हसून हसून चाकाखाली बसली होती.

एकच उत्तर हसण्याजोगं नव्हतं. थोरलीची मुलगी नऊ दिवसांची होऊन गेली. कानाच्या पाळीवर तीळ होता, म्हणून थोरली तिला ठिपकी म्हणायची. खरं नाव ठेवायचं राहूनच गेलं. थोरली नवऱ्यासमोर रडली नाही, सासूसमोर रडली नाही. कामावर आली, भारा बांधला, आणि शेडच्या मध्यावर पोचल्यावर तिच्या तोंडून आलं,

पाळण्याला बांधू दोर, पाळण्यात ना गं कोणी
नऊ दिसांची ठिपकी, गेली डोळां ठेवून पाणी

धाकटीने चाक थांबवलं नाही. बाहीने डोळे पुसत फिरवत राहिली.

"बरं केलंस," थोरली नंतर म्हणाली. "थांबली असतीस तर मी तिथंच कोसळले असते. आता हे पिळात गेलं. पुन्हा काढायचं नाही."

"नाही गं ताई. तुझी शपथ."

या गोष्टीला बरीच वर्षं झाली. मग राजधानीतून लोकसंगीताच्या खात्याची माणसं आली. देशातली कामाची गाणी ध्वनिमुद्रित करून ठेवायची होती, पुढच्या पिढ्यांसाठी. दोघी बहिणींना बोलावणं होतं. थोरलीने आठ दिवस गरम पाण्याच्या गुळण्या केल्या. आदल्या दिवशी धाकटी येऊन सांगून गेली, "ताई, तारीख पुढे गेली. कळवतील म्हणे."

कळवलं कुणीच नाही. महिन्याभरात धाकटी राजधानीला गेली. गाण्याचं काम मिळालंय म्हणाली. थोरलीने तिला जाताना स्वतःची चांगली शाल दिली. चाकावर दुसरी बाई आली. ती गात नसे, चाकाचे फेरे मोजायची.

आणि एके सकाळी मुकादमाची नात शेडच्या दारात मैत्रिणीबरोबर टाळ्यांचा खेळ खेळत होती. समोरासमोर उभ्या, हातावर हात आपटत, भरभर:

नऊ दिसांची ठिपकी, टाळी!
नऊ दिसांची ठिपकी, टाळी!

थोरलीच्या हातून वाख सुटला.

"कुठं शिकलीस गं हे?"

"शाळेत. पुस्तकात आहे की! रेडिओवर पण लागतं रोज." मुलीने दप्तरातून पुस्तक काढलं. पानावर ठिपक्याठिपक्यांची गुबगुबीत कोंबडी काढली होती, पंख पसरून उडणारी. खाली छापलं होतं, पारंपरिक लोकगीत. त्याखाली धाकटीचा फोटो. अंगावर ती शाल.

सवाल तिने गायला होता, आणि उत्तरही तिनेच.

त्या दिवसापासून थोरलीला रस्ता नकोसा झाला. दुधाच्या दुकानात रेडिओ, न्हाव्याकडे रेडिओ. लोक पायाने ठेका धरायचे. आपल्या लेकीवर अख्खा देश टाळ्या वाजवतोय, हे ती सांगणार कुणाला? नवऱ्यानेही एकदा दाढी करताना ती ओळ गुणगुणली. बिचाऱ्याला ठाऊकच नव्हतं. ठिपकी हे नाव थोरली पाळण्याशी एकटीच पुटपुटायची. दुसऱ्या कुणाला माहीत असेल तर धाकटीला.

वर्षाने धाकटी आली, गाडीतून. बरोबर कॅमेरेवाला आणि त्याची यंत्रं.

"ताई, आपल्या शेडचं चित्रण करायचंय! जिथं गाणं जन्मलं ती जागा. तू फक्त मागे मागे चालायचंस. गाण्याची काळजी नको, ते मी बघते."

"ते तू बघितलंसच."

धाकटीने कॅमेरेवाल्याकडे पाहिलं, आवाज खाली घेतला. "रागावलीस होय? अगं, त्यांनी दहा उत्तरं ऐकली. नावेचं, ढगाचं, मिशीचं. कुणाचीच मान हलली नाही. मग हे गायलं आणि साहेबांच्या डोळ्यांत पाणी आलं. पोरांसाठी टाळीचा ठेका मागाहून त्यांनीच बसवला. काय करणार मी?"

"गप्प बसणार होतीस. शपथ घेतली होतीस."

"ताई, लोकगीत कुणा एकाचं नसतं गं. ते देशाचं असतं."

"देशाला नऊ रात्री जागवलं नव्हतं तिनं."

धाकटीने पदर सावरला. मग म्हणाली, "आता पुस्तकात छापलंय. मी तरी काय पुसू?"

थोरलीने भारा उचलून कमरेला बांधला. "चल, बस चाकावर."

कॅमेरेवाला खूश झाला. थोरलीने वाख अडकवला आणि मागे सरकू लागली. वीस पावलं, चाळीस. धाकटीने सवालासाठी तोंड उघडलं, तोच थोरलीने हात वर केला.

"आज मी विचारते. तू बांध."

आणि शेडच्या मध्यावरून तिने आईच्या आईचा सवाल खड्या आवाजात घातला. धाकटी गेल्यापासून न गायलेला गळा, पण सूर हलला नाही.

सांग माझ्या गं बहिणी, दोर बांधशी कोणाशी?

चाक हळू झालं. उत्तराची उसंत. थोरली चालत राहिली, तंतू सोडत राहिली, बहिणीच्या ओठांकडे बघत राहिली. काहीही चाललं असतं. मिशी चालली असती. "ताई, चुकले," एवढं बेसूर म्हणाली असती तरी तो दोर थोरलीने जन्मभर उशाशी ठेवला असता.

धाकटीने उत्तर कधी जुळवलंच नव्हतं. तिचे ओठ दोनदा हलले. तिने कॅमेऱ्याकडे पाहिलं. मग हसली, सवयीचं गोड हसू, आणि टाळीच्या ठेक्यावर गाऊ लागली,

नऊ दिसांची ठिपकी...

ठेक्याबरोबर चाक भरभर फिरलं. दोराला नको इतका पीळ बसला, जागोजागी गाठी उठू लागल्या, थोरलीच्या बोटांत तो जिवंत असल्यासारखा वळवळला.

तिने हात सोडला. दोर सळसळत धाकटीकडे गेला, स्वतःभोवतीच गुंडाळत, आणि चाकाशी गुंतवळ होऊन पडला. तीस वर्षांत तिच्या हातून बिघडलेला पहिला दोर.

"पुन्हा घेऊ या का, बाई?" कॅमेरेवाल्याने विचारलं.

थोरलीने भारा सोडून जमिनीवर ठेवला. आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या शेडमध्ये पाठ फिरवून, सरळ पावलांनी, पलीकडच्या दाराकडे चालत गेली.