आठवा माणूस आणि मालनबाई

मित्रांनो, पुंडलिकनगरातल्या एका घराच्या जिन्याखाली माझा मुक्काम आहे. डोक्यावर पापडांचा डबा, शेजारी पंक्चर झालेली सायकल आणि काचेवर बोटभर धूळ. येणारे-जाणारे पाहुणे मला जुनं कपाट समजतात, आणि मला त्याचा राग येतो. मी एक जुना व्हिडिओ गेम आहे. तोही पार्लरमधला, उभ्याने खेळायचा. एके काळी माझ्यासमोर रांग लागायची. मग घराघरात टीव्हीला जोडायचे खेळ आले आणि माझी गिऱ्हाइकं आटली. असो. रडगाणं गाण्यासाठी मी तोंड उघडलेलं नाही.

माझा मेंदू परदेशी. तिथल्या लोकांनी वापरून टाकला, मग तो मुंबईमार्गे औरंगाबादला आला. अंग मात्र अस्सल इथलं. चिकलठाण्याच्या एका सुताराने प्लायवूड ठोकून मला उभा केला आणि एका पेंटरने माझ्या कुशीवर लाल हेलिकॉप्टर काढलं. ते पुष्कळसं टोळासारखं दिसायचं, पण मला तेव्हा त्याचा फार अभिमान होता. माझे मालक नानासाहेब मूळचे फुलंब्रीचे. शेती भावावर सोपवून त्यांनी जालना रोडला, कारखान्यांच्या तोंडाशी पार्लर टाकलं होतं. पाळी सुटली की कामगार डबा घेऊन सरळ माझ्याकडे येत.

माझा खेळ सोपा होता. एका जळत्या इमारतीच्या गच्चीवर आठ माणसं अडकलेली. हेलिकॉप्टर न्यायचं, ठिणग्या चुकवायच्या किंवा पाणी मारून विझवायच्या, एकेकाला उचलायचं आणि डावीकडच्या पांढऱ्या तंबूत सोडायचं. आठही पोचली की छानसं संगीत वाजायचं. आणि मग? मग तीच इमारत, तीच आठ माणसं पुन्हा गच्चीवर, आणि आग आधीपेक्षा जोरात. असं चालूच. कुणी म्हणे, पन्नासाव्या फेरीनंतर पडद्यावर राजवाडा येतो. कुणी म्हणे, ती माणसं आपापल्या घरी जाताना दिसतात. मला विचारलं असतं तर खरं सांगितलं असतं. माझ्या पोटात शेवट नव्हताच. शेवट पाहून माणूस समाधानाने घरी गेला असता, आणि मला घडवणाऱ्यांना ते परवडणारं नव्हतं. त्यामुळे खेळणारा हरला की खेळ संपायचा. दुसरा शेवट नाही.

हे पहिल्यांदा खटकलं ते त्रिंबकला. त्रिंबक धनगराघरचा. त्याचं लहानपण मेंढरांमागे गेलेलं, आणि आता तो पुठ्ठ्याची खोकी बनवणाऱ्या एका कारखान्याचा टेम्पो चालवायचा. पहिल्यांदा आठही माणसं तंबूत पोचवली तेव्हा तो वळून ओरडलाच.

"नानासाहेब, मशीन बिघडलं तुमचं! आठीच्या आठी मी खाली सोडले की. यांना पुन्हा वर कुनी नेऊन ठिवलं?"

सगळं पार्लर हसलं. "बिघडलं नाय त्रिंबक," नानासाहेब म्हणाले, "तसाच हाय त्यो गेम."

"असा कसा गेम? सोडवलेलं मानूस घरी जायला नको व्हय?"

त्यावर सर्जेरावने त्याला बाजूला घेतलं. सर्जेराव म्हणजे माझा सर्वांत पट्टीचा खेळाडू. माझ्या पडद्यावर पहिल्या नंबराला कितीतरी वर्षं त्याचंच नाव होतं. त्याची युक्ती अशी, की सात माणसं सोडवायची आणि आठव्याला हात लावायचा नाही. तो गच्चीवर असेपर्यंत फेरी बदलत नाही आणि आग वाढत नाही. ठिणग्या विझवत भोवती घिरट्या घालायच्या आणि गुण मिळवायचे. आठवा बिचारा दोन्ही हात हलवत राहायचा. सगळे पटाईत खेळाडू असंच खेळत.

त्रिंबकला ते जमलं नाही. "आमच्यात सांजच्याला मेंढरं मोजल्याबिगर वाघूर बांधत नाय," तो म्हणाला. वाघूर म्हणजे कळपाभोवती लावायचं जाळं. "एक कमी भरलं तर सगळा कळप उभा ऱ्हातो. हुडकून आनायचं, मंगच बसायचं." तो दर वेळी आठव्याला उचलायचा, पुढच्या फेरीत आगीत सापडायचा आणि लोकांची टर सहन करत बाहेर पडायचा. खरं सांगू? मीही मनात हसायचो. माझा ओढा जिंकणाऱ्याकडे होता.

मित्रांनो, ते दिवस साधे नव्हते. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव द्यावं, ही मागणी तेव्हा जवळजवळ सोळा वर्षांची झाली होती. त्यासाठी माणसांनी मोर्चे काढले, लाठ्या खाल्ल्या, तुरुंग पाहिला. विरोधात असणाऱ्यांनी काही गावांत घरं जाळली. पार्लरमध्येही माणसं खेळता खेळता या विषयावर यायची आणि एकदम गप्प व्हायची. नानासाहेब म्हणायचे, "इथं खेळा फकस्त." त्यांना वाटायचं, असं म्हटलं की झालं.

त्या हिवाळ्यात एका दुपारी रस्त्यावर अचानक दगडफेक सुरू झाली. जवळचे दहा कामगार पळत पार्लरमध्ये शिरले आणि नानासाहेबांनी शटर खाली ओढलं. त्या दहांत मालनबाई होती. त्रिंबकच्याच कारखान्यात ती खोकी चिकटवायची. पदराला निळा बिल्ला लावायची, आणि नामांतरासाठी गेटवर उभी राहून बोलायचीही. त्यामुळे तिचा चेहरा त्या रस्त्यावर सगळ्यांना ठाऊक होता.

थोड्या वेळाने मागच्या बोळात त्रिंबकने टेम्पो आणून लावला. सगळे चढू लागले, पण मालनबाई जागची हलली नाही.

"मी दिसले की गाडी आडवतील," ती म्हणाली. "आधी यांना सोड, त्रिंबक."

"मंग दुसऱ्या खेपंला नेतो. खोकी भरून आनतो, त्यांच्यामागं बस."

सर्जेराव त्या दहांआधीपासूनच आत खेळत होता. त्याने त्रिंबकचा दंड धरला. "येडा का खुळा तू? नऊ निघाले, लई झालं. एकीसाठी माघारी येशील तर काच फुटंल अन् डोस्कंबी. तिचं ती बघून घेईल."

"धा आत आले, धा बाहेर जातील," त्रिंबक म्हणाला आणि गेला. सर्जेरावही मागच्या दाराने निघून गेला.

आता आत दोघंच. नानासाहेब शटरला कान लावून उभे, मालनबाई माझ्यासमोरच्या स्टुलावर. कुणी खेळत नसलं की मी आपोआप नमुन्याचा खेळ दाखवतो. त्यातही माझं हेलिकॉप्टर सात माणसं सोडवून कोसळतं. मला तसंच शिकवलेलं. मालनबाई बराच वेळ पाहत होती.

"नानासाहेब, ह्या शेवटच्याला कुनीच कसं नेत नाय?"

तेवढ्यात शटरवर दगड आदळला. मग दुसरा. बाहेरून कुणीतरी ओरडलं, "आत कोन हाय रं?"

आणि नेमकं त्याच वेळी नमुन्याचा खेळ नव्याने सुरू होतानाचं माझं संगीत वाजू लागलं. मित्रांनो, स्वतःच्या आवाजाची मला तेव्हा जेवढी लाज वाटली तेवढी कधी वाटली नाही. नानासाहेब माझ्याकडे धावले. वायर ओढता ओढता ते ओरडले, "कुनी नाय! आत कुनीबी नाय!"

मी विझलो.

पुन्हा पेटलो तेव्हा किती दिवस गेले होते कोण जाणे. स्टूल रिकामं. शटरला पोचे. नानासाहेब कुणाशी बोलेनात. सर्जेराव आला, खेळला, नेहमीसारखा आठव्याला सोडून गुण मिळवून गेला. माणसं अशी एका दुपारीत बदलत नाहीत. त्रिंबकचा पत्ता नव्हता. मालनबाईचं काय झालं, हे मला कुणी सांगेना. इतकी वर्षं मी लोकांना शेवटाविना घरी पाठवलं, पण शेवट न कळणं काय असतं ते मला तेव्हा कळलं. मला रात्रंदिवस तेच.

जानेवारीत विद्यापीठाच्या नावात बाबासाहेबांचं नाव आलं. कुठे पेढे वाटले गेले, कुठे चेहरे पडले. त्यानंतर एके दिवशी त्रिंबक आला. कपाळावर टाक्यांची ताजी खूण. नानासाहेबांनी त्याला खुर्ची दिली. त्यांच्या बोलण्यातून मला कळलं. त्या दुपारी तो खरंच माघारी आला होता. खोक्यांमागे बसवून त्याने मालनबाईला घरी पोचवलं होतं. वाटेत समोरची काच फुटली, पण त्याने गाडी थांबवली नाही.

मला वाटलं, संपली गोष्ट. आता संगीत वाजायला हरकत नाही.

पण त्रिंबक येऊन गेल्याच्या दुसऱ्या दिवशी मालनबाई कामावर निघाली, ती त्याच रस्त्याने. तीच टपरी, तीच माणसं, तेच बघणं. सुटका झालेल्या माणसालाही पोटासाठी पुन्हा तिथूनच जावं लागतं, हे माझ्या खेळात नकळत खरं निघालं होतं. ती पार्लरच्या पायरीशी थांबली. बिल्ला पदरालाच होता.

"नानासाहेब, त्या दिवशी तुम्ही वाचवलं. मी इसरनार नाय," ती म्हणाली. "पन तुम्ही म्हनला, आत कुनी नाय. ते लई दिवस कानात ऱ्हायलं."

नानासाहेबांची मान खाली गेली. "दुसरं काय म्हननार होतो, बाई?"

"तवा कायबी नाय. आता इचारलं तर?"

नानासाहेबांनी आतला बाक उचलला, बाहेर रस्त्याच्या बाजूला मांडला आणि दोन चहा मागवले. मालनबाई बसली, शेजारी नानासाहेब बसले. समोरून जाणारा एक ओळखीचा माणूस सायकल थांबवून म्हणाला, "काय नानासाहेब, कोन बसलंय हे?"

"मालनबाई हायेत," नानासाहेब रस्ताभर ऐकू जाईल असं म्हणाले. "आमच्याकडं चहाला आल्यात."

मित्रांनो, माझी काच पुसलीत तर मला बरं वाटेल. पण माझं मागणं तेवढंच नाही. जीव मुठीत धरून कुणी तुमच्या दाराशी आलं, तर त्याला आत घ्या. लपवावं लागलं तर लपवाही. फक्त धोका टळल्यावर दार उघडा, त्याला बाहेर आपल्या शेजारी बसवा, आणि कुणी विचारलं तर त्याचं नाव मोठ्याने सांगा.